पोर्टेबल गेम, इन्स्टॉल केलेला गेम आणि आपलं वाचनालय

(पोस्ट मोठी आहे. ज्यांच्या घरी, शाळेत किंवा वाचनालयात मुलं एकाच संगणकावर खेळतात त्यांनी वेळ काढून वाचावी, ही विनंती.)

“काका, इन्स्टॉल कुठे करतोय? पोर्टेबल आहे.”

हे वाक्य मी रोज संध्याकाळी एकदा तरी ऐकतो. आपल्या वाचनालयाच्या संगणक कक्षात आठ संगणक आहेत. माझी सगळी नोकरी संगणक दुरुस्तीत गेली, त्यामुळे निवृत्तीनंतर तिथली देखरेख आपसूक माझ्याकडे आली. भिंतीवर पाटी आहे : ‘संगणकावर कोणतेही सॉफ्टवेअर इन्स्टॉल करू नये.’ मुलं ही पाटी तंतोतंत पाळतात. पेनड्राइव्ह लावतात, फोल्डर उघडतात, दोनदा क्लिक करतात आणि माइनक्राफ्ट सुरू. इन्स्टॉल काहीच केलं नाही. पाटीचाही मान राहिला, खेळही झाला.

पुढच्या महिन्यात कार्यकारिणीच्या सभेत हा विषय येतोय. ग्रुपवर दोन तट पडलेत. एका तटाचं म्हणणं, “गेम सरसकट बंद करा, वाचनालय आहे का जत्रा?” दुसऱ्याचं म्हणणं, “पोर्टेबलने मशीनला काही होत नाही, खेळू द्या पोरांना.” सभेआधी मला जे वाटतं ते इथे मांडतो. कारण माझ्या मते दोन्ही तटांनी एकच गोष्ट गृहीत धरली आहे : पोर्टेबल म्हणजे संगणकाला हात न लावणारं. ती गोष्ट खरी नाही.

आधी गेमबद्दल दोन शब्द, म्हणजे ज्यांनी तो पाहिला नाही त्यांनाही पुढचं कळेल. माइनक्राफ्ट म्हणजे ठोकळ्यांची दुनिया. मुलं त्यात घरं, किल्ले, गावं बांधतात. स्वीडनच्या मोजँग कंपनीचा हा गेम. २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने ती कंपनी अडीच अब्ज डॉलरला घेतली. संयुक्त राष्ट्रांची शहरांसाठी काम करणारी संस्था, यूएन-हॅबिटॅट, २०१२ पासून मोजँगबरोबर ‘ब्लॉक बाय ब्लॉक’ नावाचा उपक्रम चालवते. त्यात वस्तीतली माणसं आपल्या भागातलं मैदान, बाग, रस्ता कसा हवा ते याच गेममध्ये बांधून दाखवतात. नैरोबीच्या किबेरा वस्तीत त्याची सुरुवातीची कामं झाली. तेव्हा ‘नुसता टाइमपास’ म्हणून हा विषय झटकून टाकू नका. आपल्याकडेही नववीतल्या एका मुलीने आपला आठवडी बाजार त्यात बांधलाय, अगदी भाजीवाल्यांच्या ओळीसकट.

मुलं मूळ गेम जसाच्या तसा खेळत नाहीत. त्यावर मॉड चढवतात. मॉड म्हणजे दुसऱ्या कुणीतरी लिहिलेले छोटे प्रोग्राम. कुणी कोपऱ्यात नकाशा दाखवतो, कुणी नवे प्राणी आणतो. सोडियम नावाचा एक मॉड आहे, त्याने गेम बराच हलका चालतो. आपल्या जुन्या मशीनवर त्याचाच आधार आहे. असा बदललेला गेम चालवायला वेगळं लाँचर लागतं. प्रिझम लाँचर हे त्यातलं एक, मुक्त स्रोत आणि मोफत. त्याच्या साइटवर विंडोजसाठी दोन प्रकार मिळतात : एक इन्स्टॉल करायचा, एक पोर्टेबल.

दोन्ही प्रकारांत प्रोग्राम तोच असतो. फरक सामान कुठे ठेवायचं एवढाच. इन्स्टॉल केलेलं लाँचर आपलं सामान, म्हणजे मॉड, सेटिंग, मुलांनी बांधलेल्या दुनिया, लॉगिनची माहिती, हे सगळं वापरणाऱ्याच्या खात्यातल्या ॲपडेटा फोल्डरमध्ये ठेवतं. पोर्टेबलच्या फोल्डरमध्ये ‘पोर्टेबल’ नावाची एक छोटी मजकूर फाइल असते. ती दिसली की लाँचर सगळं सामान स्वतःच्याच फोल्डरमध्ये मांडतं. फोल्डर उचललं की बिऱ्हाड हललं.

आपल्या भाषेत सांगायचं तर इन्स्टॉल केलेला प्रोग्राम म्हणजे दप्तरी नोंद असलेला भाडेकरू. स्टार्ट मेनूत त्याचं नाव असतं, काढायच्या यादीत नाव असतं, विंडोजच्या रजिस्ट्रीत नोंद असते. पोर्टेबल म्हणजे पाहुणा. त्याची नोंद कुठेच नाही. पण घरात आल्यावर वावरायला त्याला खोल्या त्याच. तुम्ही ज्या खात्याने संगणक उघडलात, त्या खात्याला जे जे दिसतं, उघडता येतं, पुसता येतं, ते सगळं त्या पाहुण्यालाही करता येतं. आपल्या आठही संगणकांवर एकच खातं आहे, तेही ॲडमिनचं. मग आपल्याकडे पाहुणा आणि घरमालक यांत फरक तो काय राहिला?

हे नुसतं तर्काने सांगत नाही. जून २०२३ मध्ये ‘फ्रॅक्चरायझर’ नावाचा प्रकार उघडकीला आला. कर्सफोर्ज आणि बकिट या माइनक्राफ्टच्या जगातल्या मोठ्या, नावाजलेल्या साइट. तिथल्या काही मॉडमध्ये आणि मॉडच्या तयार संचांमध्ये घातक कोड घुसवलेला सापडला. कुणी आडवळणाच्या साइटवर गेलं आणि फसलं, असं ते प्रकरण नव्हतं. मुलं नेहमीच्या ठिकाणाहून नेहमीसारखे मॉड घेत होती.

त्या कोडने काय केलं पाहा. विंडोजवर त्याने ॲपडेटामध्ये ‘मायक्रोसॉफ्ट एज’ नावाचं फोल्डर तयार केलं. खऱ्या एज ब्राउझरचं फोल्डर वेगळ्या रचनेत असतं, पण नाव पाहून कुणालाही ते खरंच वाटावं. त्यात आपली फाइल ठेवली आणि संगणक सुरू झाला की ती आपोआप चालावी अशी सोय केली. मग ब्राउझरमधल्या कुकीज आणि पासवर्ड, डिस्कॉर्डची, मायक्रोसॉफ्टची आणि माइनक्राफ्टची लॉगिन माहिती चोरायची, असा तो उद्योग. शिवाय संगणकावर सापडतील त्या जार फाइलींमध्ये, म्हणजे मॉड ज्या प्रकारच्या फाइलीत येतात त्यांत, तो स्वतःची लागण करत होता.

आता हे आपल्या कक्षात घडलं असतं तर? मुलगा पेनड्राइव्ह काढून, “काका, बघा, काहीच ठेवलं नाही” म्हणत घरी गेला असता. पोर्टेबल फोल्डर त्याच्या खिशात आणि घुसखोर आपल्या संगणकावर. त्यानंतर त्याच मशीनवर कुणी शिष्यवृत्तीचा अर्ज भरला असता, कुणाच्या आईने वीजबिल भरलं असतं. आणि दुसऱ्या मुलाच्या पेनड्राइव्हमधल्या मॉडना लागण होऊन ती त्याच्या घरी, तिथून शाळेत. पूर्वी पेनड्राइव्हमधल्या सगळ्या फोल्डरचे शॉर्टकट व्हायचे, ते दिवस आठवतात ना? गावातल्या झेरॉक्सच्या दुकानातून ती साथ घरोघर गेली होती. तोच रस्ता अजून उघडा आहे.

दुसरी गोष्ट अपडेटची. डिसेंबर २०२१ मध्ये लॉगफोरजे या जावा प्रोग्राममध्ये सर्रास वापरल्या जाणाऱ्या भागात मोठं भगदाड सापडलं. अलिबाबाच्या क्लाउड विभागातल्या सुरक्षा तज्ज्ञांनी ते आधी कळवलं होतं. माइनक्राफ्टमध्ये तोच भाग वापरलेला. गेममधल्या चॅटमध्ये एक विशिष्ट ओळ टाकली की समोरच्याचा संगणक परक्या सर्व्हरवरून कोड आणून चालवू शकत होता. मोजँगने १० डिसेंबरला १.१८.१ ही दुरुस्त आवृत्ती आणली. जुन्या आवृत्त्यांसाठीही सोय केली. मूळ लाँचर वापरणाऱ्यांनी फक्त गेम आणि लाँचर बंद करून पुन्हा सुरू करायचं होतं, दुरुस्ती आपोआप येत होती. पण बदललेले गेम आणि बाहेरची लाँचर आपोआप अपडेट होतीलच असं नाही, तुम्ही जिथून घेतलीत त्यांना विचारा, असं मोजँगने तेव्हाच स्पष्ट सांगितलं होतं.

आपल्या मुलांकडे फिरणारी झिप कुठून घेतली? “पक्याकडून.” पक्याने कुठून? “त्याच्या मावसभावाकडून.” आता अपडेटचं कुणाला विचारायचं, मावसभावाला? ती झिप १.१२.२ आवृत्तीची आहे. ही आवृत्ती २०१७ ची. त्या काळचे मॉड छान चालतात म्हणून ती लोकप्रिय आहे, त्यात गैर काही नाही. नीट सांभाळलेल्या लाँचरमधून १.१२.२ आजही खेळता येते. पण कुणीतरी एकदा बांधून ठेवलेलं गाठोडं जसंच्या तसं हातोहात फिरत असेल, तर त्यातलं भगदाड बुजवायला कुणीही येणार नाही.

इथे एक भेद नीट लक्षात घ्या, कारण ग्रुपवरचा निम्मा गोंधळ त्याचाच आहे. ‘पोर्टेबल’ या एका शब्दात दोन वेगवेगळ्या वस्तू घुसल्या आहेत.

एक, प्रिझमसारखं पोर्टेबल लाँचर. त्यात गेम नसतोच. मुलगा स्वतःच्या विकत घेतलेल्या खात्याने लॉगिन करतो आणि लाँचर मूळ गेम मोजँगच्याच सर्व्हरवरून आणतं.

दोन, अख्खा गेम भरलेली झिप, लॉगिनची अट काढून टाकलेली. ही चोरीची वस्तू. मोजँगच्या अटींनुसार स्वतः लिहिलेले मॉड वाटायला हरकत नाही, पण बदल केलेला आख्खा गेम वाटायला परवानगी नाही. आणि कायदा बाजूला ठेवला तरी प्रश्न उरतो : ज्याने लॉगिनची अट काढली, त्याने आत आणखी काय घातलं, हे कोण सांगणार?

पहिलीला विरोध करायचं मला कारण दिसत नाही. दुसरी सार्वजनिक संगणकावर चालता कामा नये. पाटीवरचा नियम मात्र दोघींना एकाच मापाने मोजतो, आणि दोघींनाही आत सोडतो.

पहिल्या, सरळमार्गी प्रकारातही एक धोका आहे. तो आपल्याकडे प्रत्यक्ष घडला. आठवीतला एक मुलगा. वडील एसटीत वाहक. दोन दिवाळ्यांचे फटाके नको म्हणून त्याने मूळ गेम मागून घेतला होता. पेनड्राइव्हवर पोर्टेबल लाँचर, सगळं रीतसर. मित्राने मॉड मागितले. मॉडच्या फोल्डरमधून चार फाइली देण्याऐवजी याने आख्खं फोल्डर कॉपी करून दिलं. त्या फोल्डरमध्ये ‘अकाउंट्स’ नावाची एक फाइल असते. त्यात पासवर्ड नसतो, पण लॉगिन चालू ठेवणाऱ्या किल्ल्या असतात, त्याही उघड्या, कुलपाशिवाय. फोल्डर ज्याच्या हातात, खातं त्याच्या हातात. मित्राकडून ते तिसऱ्याकडे गेलं. तिसऱ्याने याच्या नावाने एका सर्व्हरवर जाऊन यथेच्छ शिव्या दिल्या आणि त्या सर्व्हरने याला हाकलून दिलं.

मुलाला वाटलं मित्राने मुद्दाम केलं. मित्राला ठाऊकही नव्हतं. दोघं बोलेनासे झाले, तो मुलगा पंधरा दिवस वाचनालयात फिरकला नाही. शेवटी वडिलांना बोलावून पासवर्ड बदलला, खात्याला जोडलेल्या ॲपच्या परवानग्या काढून टाकल्या. वडील मला म्हणाले, “साहेब, पैशाचं काही नाही हो, पण पोराचं नाव खराब झालं ना.” तांत्रिक चर्चेत आपण हे विसरतो. तेरा वर्षांच्या मुलाला त्या जगात जे नाव असतं, ते त्याच्यासाठी खरंच असतं.

मग सगळ्यांनी इन्स्टॉल केलेलंच वापरावं का? तेही डोळे झाकून म्हणवत नाही. अपडेट आपोआप येतं म्हणजे ते पाठवणाऱ्या माणसावर आपला भरवसा असतो. प्रिझमचा जन्मच या प्रश्नातून झालाय. त्याआधी पॉलीएमसी नावाचं लाँचर होतं, अनेकांनी मिळून चालवलेलं. ऑक्टोबर २०२२ मध्ये त्याच्या मुख्य मालकाने इतर सगळ्या सहकाऱ्यांना एका झटक्यात बाहेर काढलं. कोड, सर्व्हर, सगळ्याच्या चाव्या एकाच हातात राहिल्या. बाहेर पडलेल्यांनी लगेच प्रिझम सुरू केलं आणि वापरणाऱ्यांना तिकडे या म्हणून सांगितलं. ज्या संस्थेचे सगळे व्यवहार एकाच पदाधिकाऱ्याच्या खिशात असतात, तिचं काय होतं हे आपल्या गावाला वेगळं सांगायला नको.

आणि पोर्टेबलचे गुण नाकारणं अन्यायाचं होईल. घरच्या, स्वतःच्या संगणकावर ते फार सोयीचं आहे. संगणक फॉरमॅट करायचा तर एक फोल्डर बाजूला ठेवलं की झालं. दुरुस्तीला द्यायचा तरी तेच. एखादा नवा मॉड करून बघायचा तर फोल्डरची प्रत काढा, बिघडलं तर पुसून टाका, मूळ शाबूत. वसतिगृहात राहणाऱ्या, स्वतःचा संगणक नसलेल्या मुलासाठी तर तेच त्याचं घर. फक्त पेनड्राइव्हवर हजारो बारीक फाइली संथ चालतात, आणि मध्येच उपटला तर बांधलेली दुनिया खराब होऊ शकते, हे ध्यानात ठेवलेलं बरं.

तर सभेपुढे माझं म्हणणं असं :

१. पाटी बदला. ‘इन्स्टॉल करू नये’ ऐवजी ‘बाहेरून आणलेला कोणताही प्रोग्राम चालवू नये’ असं लिहा. पेनड्राइव्हवरून दोनदा क्लिक केलेलाही त्यात आला, आणि मॉडची जार फाइलही.

२. ॲडमिनचं खातं कुलपात. मुलांसाठी वेगळं साधं खातं, अर्ज भरणाऱ्यांसाठी वेगळं. कुणाची लागण झालीच तर ती त्या खात्यापुरती राहण्याची शक्यता बरीच वाढते. याला एक पैसा लागत नाही, एक दुपार लागते. ती दुपार मी देतो.

३. गेम बंद करू नका. एक लाँचर आपण निवडू, त्याच्या मूळ साइटवरून आपण आणू, आपण बसवू, आपण अपडेट ठेवू. आणि ‘आपण’ म्हणजे मी एकटा नव्हे. दुसरा माणूस तयार करा. मी उद्या मुलीकडे पुण्याला गेलो तर कक्ष अडता कामा नये.

४. मॉडची यादी मुलांनी करावी. ती आम्ही बघून मूळ ठिकाणाहून उतरवू. काल आलेला मॉड आज लगेच नको, थोडे दिवस जाऊ द्यावेत. फ्रॅक्चरायझर जगभरातल्या स्वयंसेवकांनी तपासून उघडकीला आणला. त्यांना तपासायला वेळ मिळतो तेवढा आपण थांबायला हरकत नाही.

५. मुलाने स्वतःच्या खात्याने खेळावं आणि उठताना लाँचरमधून खातं काढून जावं. आधी आठवण करून द्यावी लागेल, मग सवय लागेल. चपला बाहेर काढायची लागली तशी.

६. जाता-येता पेनड्राइव्हवर फक्त ‘सेव्ह्ज’ फोल्डर. मुलांनी बांधलेल्या दुनिया त्यातच असतात. ना लाँचर, ना मॉड, ना लॉगिनची फाइल.

हा सहावा मुद्दा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. पोर्टेबल काय असावं, यावर आपण भांडतोय खरं तर. प्रोग्राम कुणाचाही असतो, तो पुन्हा उतरवता येतो. त्या मुलीचा आठवडी बाजार पुन्हा उतरवता येत नाही. तो तिचा आहे. तो तिला घरी नेता आला पाहिजे, पुढे कॉलेजला जाताना नेता आला पाहिजे, वाचनालयाने उद्या कक्ष बंद केला तरी तिच्याकडे राहिला पाहिजे. मुलांचं काम फिरतं असू द्या आणि प्रोग्राम एका जागी, कुणाच्या तरी जबाबदारीवर असू द्या. आज आपल्याकडे नेमकं उलटं चाललंय : प्रोग्राम खिशाखिशातून फिरतोय आणि कामाची दुसरी प्रत कुणाकडेच नाही.

‘गेम बंद’ म्हणणाऱ्यांना एकच सांगणं. बंदी घातली तर मुलं खेळायची थांबणार नाहीत. ती बाजारातल्या अशा एखाद्या संगणकावर जाऊन बसतील, जिथे पाटीही नसेल आणि विचारणाराही नसेल. आणि ‘काही होत नाही’ म्हणणाऱ्यांना सांगणं एवढंच, की आपल्या आठ संगणकांवर गावातली निम्मी माणसं अर्ज भरतात, निकाल बघतात, बँकेची कामं करतात. ते मशीन खेळणाऱ्या मुलाचं आहे तितकंच पेन्शनचा दाखला भरायला येणाऱ्या आजींचंही आहे.

सभासदांनी सभेला यावं. मुलांनाही बोलवा, त्यांना बोलू द्या. या विषयातलं त्यांना आपल्यापेक्षा जास्त कळतं, फक्त आजवर कुणी विचारलं नाही. पटत नसेल तर खाली कमेंटमध्ये सांगा, पण मुद्द्यावर बोला. आणि ज्यांच्या घरी पेनड्राइव्हवर आख्खं फोल्डर फिरतंय, त्यांनी सभेची वाट न बघता आज रात्रीच मुलाशेजारी बसून त्यात काय काय आहे ते बघा. ओरडू नका, नुसतं बघा. तो स्वतःच सगळं दाखवेल.